गावासकट नाव

गुरुनाथ देशिंगकर चंदीगडला आला तो बायकोच्या नोकरीमागे. हे तो स्वतःच सगळ्यांना सांगायचा, आणि सांगताना त्याला कधी कमीपणा वाटला नाही. शैलजाला तिथल्या मोठ्या हॉस्पिटलात आहारतज्ज्ञाची जागा मिळाली, क्वार्टर मिळालं, आणि मुंबईत तीन वर्षं एका दिग्दर्शकाचा तिसरा सहायक म्हणून राबणारा गुरुनाथ वळकटी बांधून तिच्या मागोमाग निघाला. साल चौऱ्याहत्तर. मिरजेहून वडिलांचं पत्र आलं : तिकडे गहू उत्तम मिळतो म्हणतात. सिनेमा मिळतो का, ते बघ.

सिनेमा मिळत नव्हता. पण काम मिळत होतं, आणि गुरुनाथने पडेल ते काम उचललं. पहिली फिल्म गव्हावरच्या तांबेऱ्याची. मग भाजलेल्या रुग्णाला पट्ट्या कशा बांधाव्यात, हे नर्सेसना शिकवणारी. मग धरणाची, शाळेतल्या दुपारच्या जेवणाची, कुटुंबनियोजनाची. सत्त्याहत्तरात एक पंजाबी विनोदी चित्रपट केला. त्यात पैसा घालणाऱ्याची अट होती की त्याचा नवा ट्रक दर दोन प्रसंगांनी दिसला पाहिजे. तोही गुरुनाथने असा बसवला की लुधियानाच्या प्रेक्षकांनी ट्रक दिसताच शिट्ट्या मारल्या. पुढे टीव्ही आला. कळसूत्री बाहुल्यांची मालिका, कबड्डीचे सामने, एका कारकुनाच्या घरातल्या भांडणांचे तेरा भाग. बाहुली असो की कारकून, कॅमेरा कुठे ठेवायचा ते त्याला कळायचं. त्याहून जास्त कळतं असा दावा त्याने कधी केला नाही.

महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत डॉक्टरमंडळी त्याला छेडायची. कृष्णकांत टिल्लू नावाचे हाडांचे सर्जन तर दर वर्षी हटकून विचारत, "काय देशिंगकर, यंदा काय? तांबेरा की तमाशा?"

"यंदा कुटुंबनियोजन, डॉक्टर. पण तुम्हाला आता उशीर झाला."

टिल्लूंना चार मुलं होती. हशा व्हायचा, टिल्लूंचा सगळ्यात मोठा.

एका बाबतीत मात्र गुरुनाथ हटवादी होता. मुंबईत तीन वर्षांत त्याने पाच चित्रपटांवर काम केलं आणि एकाच्याही श्रेयनामावलीत त्याचं नाव आलं नाही. पाचही वेळा तो थिएटरात शेवटपर्यंत बसला होता. त्यामुळे स्वतःच्या फिल्ममध्ये तो सगळ्यांची नावं घालायचा. गाडीच्या ड्रायव्हरचं, चहा आणणाऱ्या बाईचं, ज्याची म्हैस चित्रीकरणात वापरली त्या शेतकऱ्याचं. दर्शनलाल पेंटर काळ्या पुठ्ठ्यावर पांढऱ्या रंगात ती नावं लिहायचा, आणि गुरुनाथ एकेक पुठ्ठा कॅमेऱ्यासमोर धरून टिपायचा. फिल्म मागवणाऱ्या सरकारी खात्याचा साहेब एकदा वैतागून म्हणाला, "देशिंगकरजी, ये फिल्म है या राशन कार्ड?" गुरुनाथ हसला आणि पुढच्या फिल्ममध्ये साहेबाच्या शिपायाचंही नाव घातलं.

युनिटमध्ये दोन बलकार सिंग होते. एक कॅमेऱ्याचा मदतनीस, रोपडकडचा. दुसरा लाइटवाला, खरडच्या पलीकडे बूटामाजरा नावाच्या खेड्यातला. चार माणसांत हाक मारली की दोघे वळायचे. लाइटवाला बलकार मोठा कामाचा माणूस होता. ढग येणार असले की गुरुनाथच्या आधी त्याला कळायचं. नामावलीत मात्र नुसतं 'बलकार सिंग' दोनदा आलं की तो हिरमुसायचा. "साहबजी, गावात कुणी मानत नाही. म्हणतात, तो दुसरा असेल."

"मग तुला आडनाव देतो," गुरुनाथ म्हणाला. "आमच्याकडे गावाचंच आडनाव होतं. आमचे पूर्वज देशिंगचे, म्हणून आम्ही देशिंगकर. तू बूटामाजऱ्याचा. म्हणजे झालास बूटामाजरेकर!"

युनिट खो खो हसलं. त्या दिवसापासून सगळे त्याला 'करसाहेब' म्हणू लागले. दर्शनलालने पुठ्ठ्यावर लिहिलं : प्रकाशयोजना साहाय्य, बलकार सिंग, बूटामाजरा. पंजाबात गावाचं नाव असं मागे लावण्याची रीत होतीच. गुरुनाथने ती फक्त पुठ्ठ्यावर आणली.

तोवर पंजाबात दहशतवादाचे ते दिवस सुरू झालेले होते. चौकाचौकात वाळूची पोती, पोत्यांमागे बंदुकीची नळी. बसमध्ये सीटखाली वाकून बघायची सवय त्यांच्या शाळकरी लीनालासुद्धा लागली होती. बातम्यांत रोज आकडे असत आणि सकाळच्या चहाबरोबर ते आकडे ऐकले जात. शैलजा आपल्या परीने दिवस मोजायची. "द्रवाहारावरचे रुग्ण आज एकवीस झाले," ती डबा धुताना म्हणायची. पोटात गोळी लागलेल्या माणसाला घास चालत नाही. गुरुनाथ "हं" म्हणायचा आणि वर्तमानपत्राचं पान उलटायचा.

एकोणनव्वदच्या हिवाळ्यात खात्याने एकोप्यावर फिल्म मागितली. दोन धर्मांची दोन घरं, दोघांत मिळून एक विहीर. असली फिल्म करणाऱ्यांना अतिरेकी सोडत नसत; पंजाबातल्या खेड्यात युनिट न्यायची कुणाची छाती नव्हती, म्हणून हरियाणात, पिंजौरजवळच्या एका वस्तीत पंजाब उभा केला. फिल्म साधी होती, पण बरी झाली. जानेवारीत, लोहडीच्या दुसऱ्या दिवशी ती टीव्हीवर लागली. शेवटी एकूणएक नावं आली.

बलकार तिळाची गजक घेऊन आला. "साहबजी, अख्ख्या गावाने वाचलं. बापूने शेजाऱ्यांना चहा पाजला."

त्यानंतर तिसऱ्या आठवड्यात एका मंगळवारी युनिटची गाडी सेक्टर चौतीसच्या ऑफिसपुढे सकाळी सात वाजता उभी होती. अळिंबीच्या लागवडीवरची फिल्म चालू होती. करसाहेब आला नाही. आठ वाजता रोपडचा बलकार खरडच्या बसने आला, गाडीच्या दारापाशी उभा राहिला आणि आत चढलाच नाही.

"काल संध्याकाळी," तो म्हणाला. "घरातच. त्याला आणि शेजारी आला होता, त्याला."

"कुणी?"

"तीन जण होते. कोण ते कोण विचारणार? गावाच्या तोंडाशी त्यांनी एकाला विचारलं म्हणे, टीव्हीवर ज्याचं नाव आलं तो बलकार कुठे राहतो." मग तो म्हणाला, "साहबजी, नाव तर माझंही होतं. गाव नव्हतं."

गुरुनाथ "हो" म्हणाला.

मग तो गाडीत बसला. युनिट कामावर गेलं. अळिंबीच्या अंधाऱ्या खोलीत एक दिवा कुणी धरायचा यावर थोडी बोलाचाली झाली, तेव्हा गुरुनाथने स्वतः दिवा धरला. पांढऱ्या गोल टोप्यांचे अकरा शॉट त्याने त्या दिवशी घेतले. सगळे नीट आले होते.

भोगाला, मृत्यूनंतरच्या शेवटच्या पाठाला, तो गेला नाही. ऑफिसच्या व्यवस्थापकाला पाठवलं. त्यानंतर युनिटमधले एकेक जण येऊन हळूच सांगू लागले, साहेब, पुढच्या वेळी आमचं नाव नको. सांगायची गरज नव्हती. गुरुनाथने नावं घालणं बंदच केलं होतं. फिल्म संपली की पडदा काळा, आणि झालं. विहिरीच्या फिल्मची मूळ टेप काढून तिचा शेवटही त्याने पुसला. पुन्हा दाखवायला टीव्ही केंद्राकडे तीच टेप जायची.

तो जेवत होता, झोपत होता. त्या वर्षात त्याने सात फिल्म केल्या. एक मोतीबिंदूच्या शिबिराची, एक कुस्तीची, एक लहान मुलांची गाणी. लोक म्हणाले, देशिंगकरांचा हात आणखी सफाईदार झाला. शैलजाने एकदा जेवताना विचारलं, "अहो, तुम्हाला काही होतंय का?"

त्याने खरोखर विचार केला. पोट, छाती, डोकं सगळीकडे बघितल्यासारखं केलं. "नाही," तो म्हणाला. "काहीच होत नाही."

"तेच विचारतेय," ती म्हणाली आणि त्याच्या पानात भात वाढला.

एक्क्याण्णवच्या जानेवारीत ती विहिरीची फिल्म पुन्हा लागली. त्यानंतरच्या रविवारी सकाळी लीनाने दार उघडलं आणि आत येऊन म्हणाली, "बाबा, कोई बुज़ुर्ग हैं. बाहर नहीं, अंदर बिठा दिया मैंने."

बलकारच्या वडिलांना, करनैल सिंगांना, गुरुनाथने कधी पाहिलं नव्हतं, पण ओळखायला वेळ लागला नाही. कपाळ बलकारचं होतं. शेजारी पांढरी ओढणी घेतलेली सून बसली होती, परमिंदर. शैलजाने चहा ठेवला.

"साहेब, नाव गेलं," म्हातारा म्हणाला.

"कुठलं नाव?"

"माझ्या मुलाचं. फिल्म परत लागणार कळलं, तेव्हा मी घरोघर सांगून आलो. माणसं अंगणात मावेनात. फिल्म संपली आणि एकदम बातम्या. लोक म्हणाले, करनैल, तुला स्वप्न पडलं असेल. पण पहिल्यांदा होतं ना?"

"होतं," गुरुनाथ म्हणाला. "वेळ कमी असतो, बाऊजी. टीव्ही केंद्रवाले शेवट कापतात."

"असं होय. सरकारी काम." म्हाताऱ्याने मान हलवली. त्याने ते लगेच मानलं होतं. "मग तुमच्याकडे पहिली कॅसेट असेल. पुढच्या महिन्यात बरसी आहे, वर्ष पूर्ण होतंय. बातमीत त्या दिवशी नुसतं आलं होतं, खरडजवळ दोन ठार. कुठले दोन, ते नाही. आमच्याकडे काही छापलेलं नाही, लिहिलेलं नाही. नाव लिहिलंत ते फक्त तुम्ही. बरसीला गावाला दाखवायचंय. कॅसेट द्या, बघून परत आणून देतो."

कॅसेट नाही, एवढं म्हटलं की भागत होतं. ते खरंच होतं. म्हातारा चहा पिऊन, आशीर्वाद देऊन निघून गेला असता. गुरुनाथ तोंड उघडून तेच सांगणार होता. परमिंदर त्याच्याकडे बघत नव्हती, कपाकडे बघत होती.

"केंद्राने नाही कापलं," तो म्हणाला. "मी कापलं."



"गाव मी लिहिलं होतं, बाऊजी. दोन बलकार होते, म्हणून. नुसतं नाव असतं तर त्यांना कळलं नसतं कुठे जायचं. माझ्यामुळे ते तिथे पोहोचले." एवढं तो हिंदीत बोलला, सावकाश, एखाद्या फिल्मचं निवेदन वाचावं तसं. आवाज कापला नाही. आपला आवाज कापत नाही, हे त्याच्या लक्षात आलं आणि त्याचंही त्याला काही वाटलं नाही.

करनैल सिंगांनी कप खाली ठेवला. "गावापर्यंत पोहोचले. घरापर्यंत नाही."

"म्हणजे?"

"घर मी दाखवलं. मी फाट्यावर बसलो होतो. तीन पोरं आली, चांगल्या कपड्यातली. म्हणाली, बापूजी, देशिंगकर साहेबांनी पाठवलंय, शूटिंग आहे, बलकारला बोलावलंय. तुमचं नाव इतकं अवघड, साहेब. मला वर्षभर पाठ होत नव्हतं. त्यांनी एका दमात घेतलं. मी म्हटलं, खोटं बोलणाऱ्याला एवढं नाव कसं येईल? पुढे होऊन घेऊन गेलो. खाटेवर बसवलं. मीच हाक मारली त्याला."

फिल्ममध्ये गुरुनाथचं नाव सगळ्यात शेवटी, एकटं यायचं.

"बापूजी, आपण हे सांगायला नव्हतो आलो," परमिंदर म्हणाली. मग ती पहिल्यांदाच गुरुनाथकडे वळली. "नावाचं काय ते सांगा. होईल की नाही?"

"टेपवर आता नाही ते," गुरुनाथ म्हणाला. "पुन्हा लिहावं लागेल."

"मग लिहा."

ती दोघं गेल्यावर शैलजा बराच वेळ कप विसळत राहिली. "लिहून द्या. कुणाच्या तरी हाती पाठवून द्या," ती म्हणाली. "पण तुम्ही जाऊ नका. आणि तुमचं नाव घालू नका त्यात."

"त्यांनी माझंच नाव घेतलं होतं दारात."

"म्हणून तर म्हणतेय ना!"

 सोमवारी गुरुनाथने युनिटमधल्या प्रत्येकाला विचारलं. एका घरी, एका बरसीला दाखवायचीय, तुमचं नाव घालू का? कुणी पायाकडे बघितलं, कुणी घड्याळाकडे. रोपडचा बलकार म्हणाला, "साहबजी, माझं नको. मुलं लहान आहेत." त्यात गैर काहीच नव्हतं. चहावाल्या बाईने मात्र विचारलं, "दुसरी कुणी बाई आहे का त्यात? नाही ना? मग माझंही राहू दे बाहेर."

राहिली दोन नावं.

दर्शनलाल पेंटरने पुठ्ठा घेतला, ब्रश ओला केला. पहिली ओळ लिहून थांबला. "गाव लिहू? आता तर यादीत एकच बलकार आहे. दुसऱ्याशी घोळ व्हायचा प्रश्नच नाही."

गुरुनाथ पुठ्ठ्याकडे बघत उभा राहिला. ब्रशच्या टोकाला पांढरा थेंब जमत चालला होता. आयुष्यात त्याने कितीतरी निर्णय उभ्याउभ्या घेतले होते. ट्रक डावीकडून येऊ दे, म्हैस थोडी मागे घ्या, बाहुलीचे डोळे मोठे करा. विचारणाऱ्याला कधी वाट बघावी लागली नव्हती.

"साहबजी, रंग वाळतोय."

"लिही," तो म्हणाला. "ते गावातच बघणार आहेत."

दुसऱ्या पुठ्ठ्यावर दर्शनलालने त्याचं नाव लिहिलं. गुरुनाथने नेहमीसारखा पुठ्ठा स्टँडवर लावला, दोन्ही बाजूंनी दिवे लावले आणि कॅमेऱ्यातून बघितलं. पुठ्ठ्यावर एका कोपऱ्यात चकाकी येत होती. ती घालवायला दिवा किती तिरका करायचा हे करसाहेबाला बरोबर कळायचं. गुरुनाथला अर्धा तास लागला.

बरसीला तो एकटाच गेला. शैलजाने सकाळी डबा भरून दिला, नको म्हणत असतानाही, आणि दारात उभी राहून म्हणाली, "पोचलात की कुठून तरी फोन करा." बूटामाजऱ्यात फोन नव्हता हे दोघांना माहीत होतं. खरडच्या आधी दोनदा बस थांबवून झडती झाली. एका शिपायाने पिशवीतली कॅसेट काढली, उलटसुलट केली. "यात काय आहे?"

"विहिरीची गोष्ट."

शिपायाने ती परत पिशवीत टाकली.

गुरुद्वारात पाठ संपला, पंगत उठली. मग माणसं करनैल सिंगांच्या अंगणात जमली. एका घरून टीव्ही आणला होता, दुसऱ्या घरून व्हीसीआर, आणि वीज टिकेल की नाही म्हणून ट्रॅक्टरच्या बॅटऱ्या तयार ठेवल्या होत्या. गुरुनाथला त्याच खाटेवर बसवलं का, हे त्याने विचारलं नाही. अंगणात खाट एकच होती.

फिल्म लागली. म्हाताऱ्या बायका विहिरीवरच्या भांडणाला हसल्या. एक जण म्हणाला, "हा पंजाब नाही, बघा तो डोंगर. पिंजौर आहे हे." गुरुनाथ म्हणाला, "बरोबर ओळखलंत." चाळीस मिनिटं तो आपलं काम बघत होता. एका ठिकाणी कट उशिरा झाला होता. दोन ठिकाणी आवाज दबलेला होता. उन्हातले सगळे प्रसंग मात्र चोख उजळलेले होते, एकाही चेहऱ्यावर काळी सावली नव्हती.

मग पडदा काळा झाला आणि पुठ्ठा आला. कुणी मोठ्याने वाचलं नाही. परमिंदरचे ओठ हलले. आठ सेकंद नाव राहिलं, मग गुरुनाथचं आलं आणि संपलं.

"परत," करनैल सिंग म्हणाले.

गुरुनाथने टेप मागे घेतली. पुन्हा आठ सेकंद.

"परत."

तिसऱ्या वेळी शेजारच्या घरातली एक बाई रडू लागली. त्याच दिवशी, त्याच अंगणात गेलेल्या शेजाऱ्याची ती आई होती, आणि त्याचं नाव पडद्यावर कधी यायचं नव्हतं. तिच्याकडे बघून करनैल सिंग म्हणाले, "साहेब, थांबवता येतं का? तिथल्या तिथे?"

येत होतं. घरच्या व्हीसीआरवर थांबवलं की चित्र थरथरतं, मधोमध पांढरी रेघ फिरते. असं चित्र गुरुनाथने आजवर एकदाही पास केलं नव्हतं. त्याने बटण दाबलं. बलकार सिंग, बूटामाजरा. अक्षरं थरथरत जागेवर उभी राहिली.

करनैल सिंग उठून त्या आईपाशी गेले आणि तिला हाताला धरून पुढे, टीव्हीसमोर घेऊन आले. "बस इथे," ते म्हणाले. "हेच दोघांचं."

फाट्यावर परतीच्या बसचा हॉर्न वाजला, एकदा, मग आणखी एकदा. कुणीतरी म्हणालं, "साहेब, ही शेवटची." गुरुनाथने ऐकलं. बटणावरचं बोट काढून त्याने हात मांडीवर ठेवला आणि तो तसाच बसून राहिला.